गावाची लोकसंख्या आणि गावाचा कारभार : वारंवार विचारले जाणारे प्रश्न (सोलापूर जिल्हा)

पंचायत विभागात नोकरी झाली आणि निवृत्तीनंतरही प्रश्न येतच राहिले. कुणी पंचायत समितीच्या पायरीवर गाठतं, कुणी लग्नाच्या मांडवात, तर कुणी रात्री दहा वाजता व्हॉट्सअॅपवर उताऱ्याचा फोटो पाठवतं. सांगोल्यापासून अक्कलकोटपर्यंत विचारणारे बदलतात, प्रश्न बहुधा तेच असतात, म्हणून ते इथे एकत्र केले आहेत. एका उत्तराचा दुसऱ्याशी संबंध असेल तिथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. आमच्या गावाची खरी लोकसंख्या किती? ती कुठे बघायची?

सरकारी कामासाठी जनगणनेचा आकडा धरतात आणि सध्या शेवटची प्रसिद्ध जनगणना २०११ ची आहे. तेव्हा सोलापूर जिल्ह्याची लोकसंख्या ४३,१७,७५६ होती. त्यातले साधारण दोन तृतीयांश लोक गावांत राहणारे होते. गावनिहाय आकडे जनगणना विभागाच्या संकेतस्थळावर आणि जिल्हा जनगणना पुस्तिकेत मिळतात. आधी तालुका काढा, मग महसुली गावाचं नाव शोधा. वाडीचं नाव टाकलंत तर बहुतेक वेळा काही सापडणार नाही. त्याचं कारण प्रश्न २ मध्ये आहे.

२०२१ ची जनगणना झाली नाही. नव्या जनगणनेसाठी १ मार्च २०२७ ची सुरुवात, म्हणजे त्या मध्यरात्रीचा ठोका, हा संदर्भ क्षण ठरला आहे. या वेळी सर्वांच्या जातीचीही नोंद होणार आहे.

अंगणवाडीताईंकडची कुटुंबांची यादी, रेशन दुकानातली माणसं, मतदार यादी हे आकडे आपापल्या कामापुरते असतात. ते एकमेकांशी जुळत नाहीत आणि जुळायलाच हवेत असंही नाही.

२. गाव, महसुली गाव, वाडी आणि ग्रामपंचायत यांत फरक काय?

महसुली गाव म्हणजे ज्याला स्वतःची शिव, स्वतःचा नकाशा आणि स्वतःचे गट नंबर आहेत ते. सातबारा त्या नावाने निघतो, जनगणनाही त्याच नावाने छापली जाते. वाडी किंवा वस्ती त्या शिवेच्या आत असते. आपल्याकडे निम्मं गाव गावठाणात आणि निम्मं शेतातल्या वस्त्यांवर राहतं, त्यामुळे हा गोंधळ जास्त होतो. वस्तीवर शंभर घरं असली तरी तिचा वेगळा आकडा जनगणनेच्या छापील तक्त्यात दिसत नाही, तो मूळ गावातच मिळवलेला असतो.

ग्रामपंचायत हे कारभाराचं एकक. एका गावाची एक असू शकते, नाहीतर दोन-तीन छोट्या गावांची मिळून एक. तिला गट ग्रामपंचायत म्हणतात. जिल्ह्यात अकरा तालुके आणि हजाराहून अधिक ग्रामपंचायती आहेत.

३. तलाठी आणि ग्रामसेवक यांच्यात नेमकं कोणतं काम कोणाचं?

सर्वांत जास्त हेलपाटे याच प्रश्नापायी पडतात, म्हणून सविस्तर सांगतो.

जमीन, पीक, सातबारा, आठ-अ, फेरफार, वारस नोंद, पीक पाहणी, दुष्काळाचे पंचनामे ही कामं तलाठ्याची. त्यांच्या वर मंडळ अधिकारी, मग तहसीलदार, प्रांताधिकारी आणि जिल्हाधिकारी.

घर, घरपट्टी, पाणीपट्टी, दिवाबत्ती, गटार, जन्म-मृत्यू-विवाह नोंद आणि ग्रामसभेचं प्रोसिडिंग (इतिवृत्त) ही कामं ग्रामसेवकाची. त्यांच्या वर विस्तार अधिकारी, गटविकास अधिकारी आणि जिल्हा परिषदेचे मुख्य कार्यकारी अधिकारी.

दोघे एकाच चावडीत शेजारी-शेजारी बसत असले तरी खाती वेगळी आणि साहेब वेगळे. तलाठ्याची तक्रार गटविकास अधिकाऱ्याकडे नेली तर ते फार तर पुढे पाठवतील, निकाल देऊ शकणार नाहीत.

२०२४ मध्ये पदनामं बदलली. ग्रामसेवक आणि ग्रामविकास अधिकारी ही दोन पदं एकत्र होऊन 'ग्रामपंचायत अधिकारी' झाली आणि तलाठ्याचं 'ग्राम महसूल अधिकारी' झालं. अर्जावर नवं नाव लिहा, बोलताना जुनं चालतं. मीही इथे जुनीच नावं वापरतो आहे.

आणखी एक फरक पक्का ध्यानात ठेवा. गाव नमुना ८-अ हा तलाठ्याकडचा जमिनीचा खातेउतारा. ग्रामपंचायत नमुना नंबर ८ हा ग्रामसेवकाकडचा घराच्या कर आकारणीचा उतारा. बँकेने 'आठचा उतारा आणा' म्हटलं तर 'घराचा की जमिनीचा?' हे तिथेच विचारून घ्या. हे न विचारल्यामुळे करमाळ्याच्या टोकावरून तालुक्याला दोनदा आलेली माणसं मी पाहिली आहेत.

४. पोलीस पाटील ग्रामपंचायतीच्या हाताखाली असतात का?

नाही. १९६७ च्या ग्राम पोलीस अधिनियमानुसार त्यांची नेमणूक होते आणि ते महसूल-पोलीस यंत्रणेला जबाबदार असतात. सरपंच त्यांना नेमू शकत नाहीत, काढूही शकत नाहीत.

५. आमच्या ग्रामपंचायतीत सदस्य किती असायला हवेत?

ते लोकसंख्येवर ठरतं. १,५०० पर्यंत ७ सदस्य, ३,००० पर्यंत ९, ४,५०० पर्यंत ११, ६,००० पर्यंत १३, ७,५०० पर्यंत १५ आणि त्यापुढे १७. थेट निवडून आलेले सरपंच याहून वेगळे. एका प्रभागात किमान दोन आणि जास्तीत जास्त तीन सदस्य असतात.

इथे धरतात तो आकडा प्रश्न १ मधलाच, म्हणजे शेवटच्या प्रसिद्ध जनगणनेचा. 'आता गाव दोन हजारांवर गेलं, मग सातच सदस्य का?' याचं उत्तर हेच. २०११ ला १,४८० भरलेल्या गावाला नवा आकडा येईपर्यंत सातच मिळणार.

निम्म्या जागा महिलांना राखीव आहेत. अनुसूचित जाती-जमातींच्या जागा त्यांच्या लोकसंख्येच्या प्रमाणात ठरतात, म्हणजे तिथेही पुन्हा जनगणनाच. जनगणनेच्या वेळी एखाद्या वस्तीची मोजणी ढिली झाली तर तिची किंमत पुढची कैक वर्षं मोजावी लागते. हे मी कळकळीने सांगतो. बाकी प्रश्न १६ मध्ये.

६. सरपंच थेट निवडतात की सदस्यांतून?

सध्या थेट. २०१७ मध्ये थेट निवड आली, २०२० मध्ये बंद झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा सुरू झाली. उपसरपंच मात्र सदस्यांतूनच निवडतात.

७. निवडणुकीला उभं राहायचं आहे. अर्ज कशावरून बाद होतो?

पोस्टर छापण्याआधी वाचण्याचा भाग हाच.

१२ सप्टेंबर २००१ नंतर अपत्य झालं आणि त्यामुळे हयात अपत्यांची संख्या दोनच्या वर गेली, तर अपात्रता येते. या तारखेआधीच तीन-चार मुलं असतील आणि नंतर एकही झालं नसेल तर अडचण नाही. एका मुलानंतर दुसऱ्या बाळंतपणात जुळी झाली तर ती एकच अपत्य धरतात. दत्तक घेतलेलं मूल यात मोजत नाहीत. 'मूल दुसऱ्याला दत्तक दिलं, आता मी सुटलो' असं मात्र कुणी समजू नये, जन्म तुमच्याच घरातला धरतात.

घरपट्टी-पाणीपट्टीचं बिल मिळाल्यापासून तीन महिन्यांत भरलं नाही तर अपात्रता येऊ शकते. सरकारी किंवा सार्वजनिक जागेवर अतिक्रमण असेल तरी तेच. घरात शौचालय असणं आणि ते वापरात असणं आवश्यक आहे. १ जानेवारी १९९५ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या उमेदवाराला सातवी पास असावं लागतं. राखीव जागेवर निवडून आलात तर जात वैधता प्रमाणपत्र मुदतीत द्यावं लागतं. निवडणूक जिंकून केवळ या कागदापायी पद गेलेले सदस्य प्रत्येक तालुक्यात आहेत.

८. ग्रामसभा कधी, किती आणि त्यात आम्हाला काय अधिकार?

आर्थिक वर्षात किमान चार. रूढ दिवस २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर. सात दिवस आधी नोटीस निघायला हवी, फलकावर लागायला हवी आणि दवंडी पिटायला हवी. आता दवंडीऐवजी व्हॉट्सअॅपवर अजेंडा येतो. तो जरूर पाठवा, पण ज्यांच्याकडे साधा फोन आहे त्यांच्यासाठी दवंडी बंद करू नका.

गणपूर्ती, म्हणजे सभेला लागणारी किमान हजेरी, मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० यांपैकी कमी असेल ती. हजार मतदारांच्या गावाला १५० नव्हे, १०० आणि १५० यांतलं कमी म्हणून १०० पुरतात, आणि चारशे मतदारांच्या गावाला ६० पुरतात. गणपूर्ती झाली नाही तर सभा तहकूब होते. तहकूब सभेला गणपूर्तीची अट नसते. खोच आहे ती इथेच. पहिल्या सभेला कुणी फिरकत नाही, आठवड्याने पाराखाली पंधरा माणसं जमतात आणि वर्षभराचा आराखडा मंजूर होतो. कायद्याने ते बरोबर आहे. नंतर 'आम्हाला विचारलंच नाही' म्हणण्यात अर्थ उरत नाही.

नेहमीच्या ग्रामसभेआधी महिलांची स्वतंत्र सभा घ्यावी लागते. अनेक गावांत ती कागदावरच उरकते. बायकांनी एकदा ती खरोखर भरवून पाहा. मोहोळ तालुक्यातल्या एका गावात अशा सभेतून नळाची वेळ बदलून घेतलेली मी पाहिली. पहाटे साडेतीनला पाणी सुटायचं, ते सहाला सुटू लागलं. पैसा एकही लागला नाही.

तुमचा मुद्दा विषयपत्रिकेत यायला हवा असेल तर तो लेखी द्या आणि पोच घ्या. सभेत ठराव झाला की प्रोसिडिंगमध्ये काय लिहिलं गेलं ते तिथेच वाचून दाखवायला सांगा. कोऱ्या प्रोसिडिंगवर सही किंवा अंगठा कुणीही, कुणाच्याही सांगण्यावरून देऊ नये.

सरपंचांनी पुरेशा कारणाशिवाय ठरलेल्या सभा घेतल्या नाहीत तर त्यांच्यावर अपात्रतेची कारवाई होऊ शकते.

९. सरपंच ताई आहेत, पण सगळं त्यांचे मालक बघतात. हे चालतं का?

नाही. सही, अध्यक्षस्थान, धनादेश, निर्णय सगळं निवडून आलेल्या सरपंचांचं. नवरा, सासरा, दीर यांना मासिक सभेत बसण्याचाही अधिकार नाही. ते ग्रामसभेला येऊ शकतात, पण मतदार म्हणून आणि समोर बसून. तक्रार गटविकास अधिकाऱ्यांकडे लेखी करता येते. त्याआधी दोन-चार जणींनी सरपंच ताईंना थेट भेटून काम सांगायला सुरुवात करावी. समोर काम आलं की वर्षभरात निधी, निविदा, मोजमाप पुस्तिका सगळं समजून घेणाऱ्या सरपंच आपल्या जिल्ह्यात मी कितीतरी पाहिल्या.

१०. सरपंचांवर अविश्वास आणता येतो का?

येतो. सदस्य तहसीलदारांकडे नोटीस देतात आणि तहसीलदार विशेष सभा बोलावतात. थेट निवडून आलेल्या सरपंचांच्या बाबतीत तीन चतुर्थांश सदस्यांनी ठराव मंजूर केल्यावर विशेष ग्रामसभेत गुप्त मतदान होतं. तिथे पास झाला तरच पद जातं. लोकांनी निवडलेला माणूस सात जणांच्या रुसव्याने जाऊ नये यासाठी ही सोय आहे.

११. गावाला पैसा येतो कुठून? तो लोकसंख्येवर ठरतो का?

मोठ्या प्रमाणात, हो. केंद्रीय वित्त आयोगाचा निधी थेट ग्रामपंचायतीच्या खात्यात येतो आणि गावाचा वाटा ठरवताना लोकसंख्या हा मुख्य निकष असतो. पंधराव्या वित्त आयोगाचा काळ मार्च २०२६ पर्यंतचा आणि त्यापुढची पाच वर्षं सोळाव्याची. पंधराव्यात ६० टक्के रक्कम बंधित होती, म्हणजे पाणी आणि स्वच्छतेवरच खर्च करायची, आणि ४० टक्के अबंधित. 'पैसे पडून आहेत, मग रस्ता का होत नाही?' याचं उत्तर पुष्कळदा या विभागणीत असतं.

अनुसूचित जाती व नवबौद्ध वस्त्यांच्या विकासाचा निधी त्या वस्तीच्या लोकसंख्येच्या टप्प्यांवर मिळतो. जल जीवन मिशनची योजना माणशी दररोज ५५ लिटर धरून आखतात. तिथे माणसं कमी धरली तर टाकीच लहान बांधली जाते आणि उन्हाळ्यात पुन्हा टँकर.

गावाचं स्वतःचं उत्पन्न म्हणजे घरपट्टी, पाणीपट्टी, बाजार फी आणि गाळ्यांचं भाडं. त्यातून १५ टक्के मागासवर्गीयांसाठी, १० टक्के महिला व बालकल्याणासाठी आणि ५ टक्के दिव्यांगांसाठी खर्च करणं बंधनकारक आहे. दिव्यांग व्यक्तींनी हे ५ टक्के दरवर्षी हक्काने विचारावेत. विचारलं नाही तर ते बहुतेक शिल्लकच राहतात.

आराखडा आणि खर्च ई-ग्रामस्वराज संकेतस्थळावर आणि 'मेरी पंचायत' अॅपवर कुणालाही बघता येतो. शाळेतल्या पोराला सांगा, पाच मिनिटांत काढून देईल. न दिसणाऱ्या गोष्टींसाठी माहितीचा अधिकार आहेच, मुदत ३० दिवसांची.

१२. तीस वर्षं घरपट्टी भरतोय. घर माझ्या मालकीचं झालं ना?

घरपट्टीची पावती किंवा नमुना ८ हा मालकीचा पुरावा नाही. तो कर आकारणीचा कागद आहे. गायरानातल्या घरालाही घरपट्टी लागते, म्हणून ती जागा तुमची होत नाही.

गावठाणातल्या घरांसाठी स्वामित्व योजनेत ड्रोनने मोजणी होऊन भूमी अभिलेख खात्याकडून मालमत्ता पत्रक मिळतं. ही योजना २४ एप्रिल २०२० ला सुरू झाली. मालकीच्या दृष्टीने तो कागद वजनाचा आहे. त्यात चूक असेल तर लगेच हरकत घ्या, भाऊबंदकी सुरू झाल्यावर नको. शेतातल्या वस्तीवरचं घर गावठाणाबाहेर असल्याने या मोजणीत येत नाही. तिथे तुमचा आधार सातबाराच.

नमुना ८ वर नवरा-बायको दोघांची नावं लावून घेता येतात. अर्ज करा आणि लावून घ्या.

१३. ग्रामपंचायतीतून कोणते दाखले मिळतात?

जन्म, मृत्यू आणि विवाह नोंदीचे दाखले, नमुना ८ चा उतारा, येणे बाकी नसल्याचा दाखला, दारिद्र्यरेषेखालील असल्याचा दाखला आणि निराधार असल्याचा दाखला. हे लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ खाली येतात, म्हणजे ठरलेल्या दिवसांत मिळालेच पाहिजेत. अर्जाची पोच मागा. पोच नसली तर दिवस मोजायचे कुठून?

रहिवासासाठी आता बहुतेक ठिकाणी स्वयंघोषणापत्र चालतं. उत्पन्न, जात, वय-अधिवास हे तहसीलचे दाखले. ते सेतूतून किंवा ऑनलाइन मिळतात.

१४. बाळ सोलापूरला सिव्हिलमध्ये झालं. जन्मनोंद गावात करायची का?

नाही. जन्म किंवा मृत्यू जिथे झाला तिथेच नोंद होते. सिव्हिलमध्ये जन्मलेल्या बाळाची नोंद सोलापूर महानगरपालिकेकडे, बार्शीच्या दवाखान्यात झालं तर बार्शी नगरपरिषदेकडे. गावातल्या घरी झालं तरच ग्रामसेवकाकडे. एकच जन्म दोन ठिकाणी नोंदवू नका, पुढे पासपोर्टच्या वेळी मोठा घोळ होतो.

मुदत २१ दिवसांची. त्यानंतर ३० दिवसांपर्यंत विलंब शुल्क, वर्षापर्यंत वरिष्ठांची लेखी परवानगी आणि वर्षानंतर दंडाधिकाऱ्यांचा आदेश लागतो. नाव ठरलं नसेल तरी नोंद आधी करा. बारशाची वाट बघू नका, नाव नंतर घालता येतं. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना शाळा, आधार, मतदार यादी सगळीकडे जन्मदाखल्याचंच काम पडणार आहे.

१५. जातीच्या दाखल्यासाठी पणजोबांची नोंद हवी आहे. ग्रामपंचायतीत सापडत नाही.

तिथे सापडणार नाहीच. जुन्या जन्म-मृत्यूच्या नोंदी गाव नमुना १४ मध्ये, म्हणजे कोतवाल बुकात आहेत आणि ती तहसीलच्या अभिलेख कक्षात असतात. पुष्कळशा नोंदी मोडीत आहेत, अधिकृत मोडी वाचकाकडून लिप्यंतर करून घ्यावं लागतं. अक्कलकोट १९४८ पर्यंत संस्थान होतं, त्यामुळे तिकडच्या गावांचं दप्तर वेगळं शोधावं लागतं.

पुरावा कोणत्या तारखेआधीचा हवा ते आधी बघा. अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७. शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा पुष्कळदा सर्वांत लवकर मिळतो. सुरुवात तिथून करा.

१६. दिवाळीनंतर आमचं निम्मं गाव ऊसतोडीला जातं. जनगणनेत ही माणसं कुठे मोजतात?

सगळ्यांत महत्त्वाचा प्रश्न हाच, आणि तो फार कमी लोक वेळेत विचारतात.

जनगणनेचा ठोका फेब्रुवारी-मार्चच्या सांध्यावर पडतो. २०११ ला मोजणी ९ ते २८ फेब्रुवारी या काळात झाली, २०२७ चा संदर्भ क्षणही १ मार्चचाच आहे. त्या वेळी गाळप हंगाम चालू असतो. राज्यात सर्वांत जास्त साखर कारखाने आपल्या जिल्ह्यात. बीड-धाराशिवकडच्या ऊसतोड टोळ्या आपल्या शिवारात कोपी (तात्पुरती झोपडी) घालून उतरलेल्या असतात आणि आपल्याच कोरडवाहू गावांतली माणसं उचल (आगाऊ रक्कम) घेऊन परजिल्ह्यांत गेलेली असतात.

२०११ चा नियम असा होता : माणूस जिथे नेहमी राहतो तिथे मोजायचा. पण मोजणीच्या संपूर्ण काळात तो घरी नसेल, एकदाही आला नसेल, तर घरी न मोजता जिथे सापडेल तिथे मोजायचा. म्हणजे अख्खा फेब्रुवारी फडात काढलेलं जोडपं कागदावर कारखान्याच्या गावाचं झालं. सांगोल्याच्या किंवा मंगळवेढ्याच्या एखाद्या वाडीतून मोठी टोळी गेलेली असेल तर त्या वाडीचा आकडा तेवढ्याने घटतो आणि प्रश्न ५ व ११ मधलं सगळं त्या घटलेल्या आकड्यावर चालतं.

याहून वाईट म्हणजे माणूस कुठेच न मोजला जाणं. गावात घराला कुलूप, म्हणून प्रगणक (मोजणीला आलेला कर्मचारी) पुढे गेला. फडावर कोपी गेल्या आठवड्यातच हलली, म्हणून तिथल्या प्रगणकाला ती दिसलीच नाही. दोन्हीकडून नाव सुटलं. पहाटे चारला कोयता घेऊन निघणारी बाई दुपारच्या फेरीला भेटणार कुठून?

मग करायचं काय? घरयादीच्या फेरीत कुलूपबंद घरंही यादीत आली का ते शेजाऱ्यांनी आणि सदस्यांनी बघावं. टोळी निघण्याआधी प्रत्येक कुटुंबाने माणसांची नावं, वयं, शिक्षण, जात, मातृभाषा एका कागदावर लिहून एक प्रत बरोबर आणि एक घरच्या म्हाताऱ्या माणसांकडे ठेवावी. मुकादमाला बजावून सांगावं की प्रगणक आला तर त्याला सगळ्या कोप्या दाखव. मोजणीच्या काळात कुणी लग्नाला, जत्रेला चार दिवस घरी आलं असेल तर ते प्रगणकाला सांगा, ते महत्त्वाचं ठरतं. एकच माणूस दोन्हीकडे लिहून आकडा फुगवू नका, तो गुन्हा आहे. आपल्या शिवारात उतरलेल्या परगावच्या टोळीलाही मोजायला मदत करा. त्यांच्या गावानेही आपल्या माणसांसाठी तेच करावं अशी आपली अपेक्षा असते.

प्रगणकाला कागदपत्रं मागण्याचा अधिकार नाही. तुम्ही सांगाल ते तो लिहितो आणि ती वैयक्तिक माहिती १९४८ च्या जनगणना कायद्याने गोपनीय असते. घरपट्टी, रेशन, घरकुल यांसाठी ती वापरत नाहीत. 'गाडी सांगितली तर रेशनकार्ड जाईल' ही भीती काढून टाका.

जनगणनेचं जे होईल ते होईल, स्थलांतरितांची स्वतःची यादी ग्रामपंचायतीने दरवर्षी करावी. मागे राहिलेल्या पोरांसाठी हंगामी वसतिगृह मागताना तीच यादी लागते.

१७. मतदार यादीत माणसं लोकसंख्येपेक्षा जास्त कशी?

पुण्याला, भिवंडीला कायम राहायला गेलेल्यांची नावं गावात तशीच राहतात, मयतांची निघत नाहीत आणि सुनांची दोन्हीकडे असतात. ग्रामपंचायतीची यादी विधानसभेच्या यादीवरून प्रभागनिहाय फोडतात. तिथे नाव नसेल तर इथेही येत नाही. नवीन नावासाठी नमुना ६, वगळण्यासाठी ७, दुरुस्ती व स्थलांतरासाठी ८. बीएलओंकडे (मतदान केंद्राची यादी सांभाळणारे कर्मचारी) द्या. निवडणूक जाहीर झाल्यावर धावाधाव करून उपयोग नसतो. ऊसतोडीला गेलेल्याचं घर गावातच असतं, त्याचं नाव 'बाहेरगावी' म्हणून वगळू देऊ नका.

१८. आम्ही अक्कलकोट तालुक्यातले. घरात कन्नड, शाळा मराठी. जनगणनेत मातृभाषा कोणती सांगायची?

लहानपणी आई तुमच्याशी ज्या भाषेत बोलली ती. शिवाय येणाऱ्या आणखी दोन भाषा नोंदवता येतात. कन्नड सांगितल्याने तुमचं महाराष्ट्राचं रहिवासीपण कमी होत नाही, मराठी सांगावी असा दबावही कुणी आणू नये. दक्षिण सोलापुरातही हेच लागू.

१९. आमच्या वाडीला वेगळी ग्रामपंचायत हवी आहे. किंवा : आमचं गाव शहरात गेलं तर?

विभाजनासाठी ग्रामसभेचा ठराव, लोकसंख्या, अंतर, उत्पन्न यांची माहिती जोडून प्रस्ताव पंचायत समिती आणि जिल्हा परिषदेमार्फत शासनाकडे जातो. वाडीची लोकसंख्या वेगळी काढताना प्रश्न २ मधली अडचण येते, म्हणून घरनिहाय यादी आधीच तयार ठेवा. जनगणनेसाठी प्रशासकीय हद्दी १ जानेवारी २०२६ पासून गोठवल्या आहेत. मोजणी संपेपर्यंत हद्द बदलत नाही. तोवर कागद जमवा.

माझं मत विचाराल तर, उत्पन्न नसलेली वेगळी ग्रामपंचायत म्हणजे शिपायाचा पगारही न भागणारं कार्यालय. फक्त पाणी आणि रस्ता हवा असेल तर सध्याच्याच ग्रामपंचायतीत वाडीचा प्रभाग जागा करा.

अकलूज, नातेपुते, वैराग यांसारखी गावं अलीकडे नगरपरिषद-नगरपंचायत झाली. तिथे ग्रामसभा राहत नाही, मुख्याधिकारी येतात आणि ग्रामीण योजना थांबून नागरी योजना लागू होतात. १९९२ मध्ये बाळे, शेळगी, सोरेगाव यांसारखी गावं सोलापूर महापालिकेत गेली. आजही लोक त्या भागाला 'हद्दवाढ' म्हणतात आणि रस्ते-ड्रेनेजसाठी भांडतात. शहरात गेलं की सगळं आपोआप मिळतं असं धरून चालू नका.

२०. आमचं मूळ गाव उजनीत गेलं. ते कागदावर अजून आहे का?

महसुली गाव म्हणून नोंद बहुधा राहते. जनगणनेत त्यापुढे 'निर्जन' असा शेरा येतो आणि माणसं पुनर्वसित गावठाणाच्या आकड्यात मोजली जातात. उजनी धरण १९८० मध्ये पूर्ण झालं. करमाळ्याच्या बाजूला अशी गावं आहेत, एकाच नावाचं एक पाण्याखाली आणि एक माळावर. अर्ज करताना दोन्हींतलं कोणतं ते स्पष्ट लिहा.

पुनर्वसित गावठाणाला अठरा नागरी सुविधा द्यायच्या असतात. त्या पूर्ण झाल्याशिवाय गावठाण ग्रामपंचायतीने ताब्यात घेतलं तर राहिलेली कामं कुणी करायची यावरून वर्षानुवर्षं टोलवाटोलवी चालते. ताबा घेण्याआधी ग्रामसभेत सुविधांची यादी वाचा, अपुरं काय आहे ते ठरावात नोंदवा आणि ठरावाची नक्कल जिल्हा पुनर्वसन अधिकाऱ्यांकडे देऊन पोच घ्या. जुन्या गावाचं जन्म-मृत्यूचं दप्तर कुठे गेलं हेही त्याच वेळी लेखी विचारून ठेवा. ते शोधायचं कुठे ते प्रश्न १५ मध्ये आहे.